आईच्या साड्यांचे रंग लिहून ठेवणाऱ्या काकांना

आदरणीय काका,

सादर नमस्कार.

निघताना दारात चपला घालता घालता तुम्ही म्हणालात, "माझं नाव कुठं टाकू नका, ताई. आम्ही पडद्यामागची माणसं, तिथंच बरे." म्हणून नाव लिहीत नाही. पत्र मात्र चारचौघांत लिहिते आहे. तुम्ही आमच्या घरी येऊन जे केलंत ते लोकांना कळायला हवं, आणि ज्यांना ते सहज करता आलं असतं पण त्यांनी केलं नाही, त्यांच्याही कानावर जायला हवं.

तुम्ही येऊन गेलात त्याला आज अकरा दिवस झाले. रोज लिहायला बसते आणि दिव्याकडे लक्ष गेलं की हात थांबतो. आज एका बैठकीत पुरं करायचं ठरवलं आहे.

वाचणाऱ्यांना थोडं मागचं सांगते. माझी आई मुंबई दूरदर्शनवर निवेदिका होती. २ ऑक्टोबर १९७२ ला वरळीला केंद्र सुरू झालं आणि पुढच्याच वर्षी तिला बोलावणं आलं. तेव्हा दूरदर्शन आकाशवाणीचाच भाग होतं, वेगळं झालं ते १ एप्रिल १९७६ ला. त्या काळच्या बातम्या देणाऱ्यांची नावं महाराष्ट्राला आजही पाठ आहेत. भक्ती बर्वे, स्मिता पाटील, अनंत भावे, प्रदीप भिडे, स्मिता तळवलकर. असायलाच हवीत. आईलाही या सगळ्यांचं कौतुक होतं, आजही आहे. पण बातम्या संपल्या की 'आमची माती आमची माणसं' किंवा 'गजरा' सुरू होईपर्यंत पडद्यावर येऊन "आता पाहू या..." म्हणणारी जी बाई असायची, तिचं नाव कुणाच्या लक्षात राहत नाही. माझी आई ती बाई होती.

हे काम केवढं कठीण होतं ते तुम्हीच मला नीट सांगितलंत, काका. आईनं कधी सांगितलंच नव्हतं. समोर मजकूर सरकवणारं यंत्र नाही. कागद मांडीवर. पाठ करायचं, कॅमेऱ्याच्या भिंगात बघायचं आणि समोरच्या घड्याळाच्या काट्याशी शर्यत लावायची. दीड मिनिट म्हणजे दीड मिनिट. मध्येच फिल्म तुटली, मशीन अडकलं, की पडद्यावर 'व्यत्यय' अशी पाटी लागायची आणि बूथमध्ये बसलेल्या निवेदिकेला कुणीतरी हातानं खूण करायचं, चला, तुम्ही या. काय बोलायचं ते कागदावर नसायचं. घराघरांत माणसं चुळबुळत बसलेली, आणि या बाईनं चेहऱ्यावर तसूभर घाई न दाखवता त्यांची क्षमा मागायची. आईचं एक ठरलेलं होतं म्हणे. फिल्म तुटली की ती आधी हसायची आणि मग बोलायची. "त्यांच्या हसण्यानं आमचे हात थरथरायचे थांबायचे," असं तुम्ही म्हणालात. मी तिची मुलगी, पंचावन्न वर्षं तिच्याबरोबर राहिले, आणि हे मला परवा कळलं.

माझ्या आठवणीतलं दूरदर्शन म्हणजे आमच्या चाळीतल्या शेजाऱ्यांच्या खोलीतलं लाकडी कपाट, त्याची दोन्हीकडे सरकणारी झडप, गच्चीवरचा अँटेना आणि दारापर्यंत खेटून बसलेली पंचवीस-तीस माणसं. शनिवारी मराठी सिनेमा, रविवारी हिंदी, गुरुवारी छायागीत. इतर मुलं सिनेमाची वाट बघायची, मी सिनेमाच्या आधीची. आई संध्याकाळी घरातून निघायची तेव्हा साडी हिरवीगार असायची आणि पडद्यावर यायची तेव्हा राखाडी. कुंकू तर काळं दिसायचं. चार-पाच वर्षांची असताना मी तिला विचारलं होतं, "तिथे गेल्यावर तू विटतेस का गं?" ती खूप हसली होती. पण तो राखाडी रंग माझ्या मनात बसला तो बसलाच. तिनं १९८१ साली काम सोडलं, आजी अंथरुणाला खिळली म्हणून. देशात रंगीत प्रक्षेपण सुरू झालं १९८२ ला. म्हणजे आठ वर्षं ती लोकांच्या घराघरांत जात होती आणि एकाही प्रेक्षकानं तिला रंगांत पाहिलं नाही.

त्यातलं काही उरलंही नाही. यात कुणाला दोष देत नाही. टेप महाग असायच्या, एक कार्यक्रम पुसून त्याच टेपवर दुसरा घ्यावा लागायचा, तेव्हाचे कितीतरी मोठमोठ्या माणसांचे कार्यक्रम असेच गेले. आणि निवेदन तर थेट जायचं. ते टेपवर घ्यायचं कारणच नव्हतं. बोलली, हवेत गेलं, संपलं. घरी एक पत्र्याची ट्रंक होती. तिच्यात करारपत्रं, मेकअपच्या खोलीत काढलेले पाच-सहा फोटो, प्रेक्षकांची पोस्टकार्डं. एक पोस्टकार्ड मला तोंडपाठ आहे, पुण्याच्या एका आजोबांचं. सिंहगडावरच्या मनोऱ्यामुळे पुण्याला कार्यक्रम दिसायला लागले तेव्हाचं. "तुम्ही नमस्कार करता तेव्हा मीही हात जोडतो, सून हसते, हसू दे." २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, आणि आमचं कालिन्याचं तळमजल्याचं घर छातीपर्यंत पाण्यात गेलं. ट्रंक पलंगाखाली होती. तिसऱ्या दिवशी उघडली तेव्हा आत एक लगदा होता. आईनं तो हातात धरला, बघितला आणि ट्रंकेचं झाकण लावलं. त्यावर आजवर एक शब्द बोलली नाही.

मग तीन वर्षांपूर्वी तिला पक्षाघाताचा झटका आला. हातपाय सावरले, बोलणंही बरंचसं परत आलं. पण डावा गाल उतरला आणि ओठांची ती कड खाली आली ती राहिली. ज्या बाईनं आठ वर्षं चेहऱ्याच्या भरवशावर काढली, तिनं घरातला मोठा आरसा काढायला लावला. खुर्ची खिडकीकडे पाठ करून ठेवली. येणाऱ्याला मागून येणारा उजेड दिसावा, तिचा चेहरा दिसू नये, म्हणून. हे ती बोलली नव्हती. मला कळायलाच सहा महिने लागले. फोटोचं नाव काढलं की पदर तोंडावर. नातवाच्या मुंजीचे चारशे फोटो आहेत, त्यात एकातही आई नाही.

अशात कानावर आलं की दूरचित्रवाणीच्या सुरुवातीच्या काळातल्या कलाकारांचा सत्कार होणार आहे आणि एक स्मरणिका निघणार आहे. ज्यांनी ठरवलं होतं त्यांचं नाव घेत नाही, त्यांना ते वाचताना कळेल. वाटलं, सत्कार राहू दे, निदान छापील नाव तिच्या हातात पडेल. गेले. मला म्हणाले, पुरावा आणा. रेकॉर्डिंग, करारपत्र, किमान फोटो. पुराची गोष्ट सांगितली. ऐकणाऱ्यानं घड्याळ बघितलं. पुन्हा गेले तेव्हा दुसरे गृहस्थ होते. ते म्हणाले, "बाई, निवेदन म्हणजे काही कार्यक्रम नव्हे. दोन कार्यक्रमांमधली मोकळी जागा भरायची, एवढंच ते." तिसऱ्या वेळी एका बाईंनी मला समजावलं की तेव्हा टीव्हीवर जाणं काही फार अवघड नव्हतं, ज्यांची मराठी बरी आणि चेहरा बरा त्यांना घ्यायचे. हे त्यांनी मला, तिच्या मुलीला, माझ्या डोळ्यांत बघून सांगितलं. स्मरणिका निघाली. गुळगुळीत कागद, जाहिराती भरपूर. त्यातल्या एका पानावर निवेदिकांविषयी दीड ओळ आहे आणि शेवटी 'इत्यादी' आहे. माझी आई त्या इत्यादीत आहे.

मला त्या तिघांचा राग आहे आणि तो जाणार नाही. त्यांच्यापाशी काय नव्हतं? वेळ होता, खुर्ची होती, टेलिफोन होता. एक फोन फिरवून "अहो, अशा एक बाई होत्या का?" एवढं विचारायला काय लागतं? पुढे मी ज्यांना ज्यांना फोन केले त्यांची यादी देत बसत नाही. शेवटी एका निवृत्त ध्वनिमुद्रकांनी मला तुमचा नंबर दिला, म्हणाले, "लाइटवाल्यांना विचारा. तो माणूस काही फेकत नाही."

तुम्ही फोनवर आईचं नाव ऐकलंत आणि पहिला प्रश्न विचारलात तो असा: "बाई उजेडात बसतात ना?" मला अर्थ लागला नाही. मी पुरावा, स्मरणिका, ट्रंक असं काय काय बोलत सुटले होते. तुम्ही म्हणालात, "मी येतो." पंचाहत्तरी ओलांडलेला माणूस, गुडघे दुखतात, लालबागहून दोन बस बदलून तुम्ही आलात. हातात कापडी पिशवी, पिशवीत वर्तमानपत्रात गुंडाळलेली वही.

आणि आता ज्यासाठी हे पत्र लिहिते आहे ते.

तुम्ही आत आलात. आई नेहमीसारखी खिडकीकडे पाठ करून बसली होती, पदर गालावर ओढून. मी तुम्हाला बसायला खुर्ची दिली. तुम्ही बसला नाहीत. पिशवी खाली ठेवलीत, दोन पावलं मागे गेलात, एक डोळा बारीक करून आईकडे बघितलंत. मला क्षणभर धास्तीच वाटली. तीन वर्षांत तिच्याकडे असं कुणी रोखून बघितलं नव्हतं. येणारे सगळे नजर चुकवतात, पंख्याकडे बघून बोलतात, त्यांना वाटतं तिला कळत नाही. तुम्ही म्हणालात, "बाई, मागनं उजेड येतोय. चेहरा मरतोय तुमचा. लावू का जरा नीट?"

आणि आई म्हणाली, "लावा."

तुम्ही खिडकीचा पडदा अर्धा ओढलात. नातवाच्या टेबलावरचा दिवा मागितलात, तो आईच्या उजव्या हाताला स्टुलावर ठेवलात, मान वाकवून त्याचं तोंड भिंतीकडून तिच्याकडे वळवलंत. मग खिशातला पांढरा रुमाल झटकून दिव्यावर टाकलात, उजेड मऊ व्हावा म्हणून. "तेव्हा असं केलं असतं तर जळला असता रुमाल," असं स्वतःशीच म्हणालात. परत दोन पावलं मागे. दिवा बोटभर पुढे सरकवलात. "हनुवटी किंचित वर." आईनं हनुवटी वर केली. गालावरचा पदर तिनं स्वतः काढला, खांद्यावर नीट घेतला, हात मांडीवर जुळवले. तुम्ही म्हणालात, "बास." मग तुम्ही खुर्चीवर बसलात.

उजेड उजव्या बाजूनं येत होता. डावा गाल सावलीत गेला होता. मला हे समजलं तुम्ही गेल्यावर, रात्री. तुम्ही तिच्या आजाराबद्दल एक शब्द विचारला नाहीत. कसं झालं, कधी झालं, आता कसं वाटतं, काही नाही. कणव दाखवली नाहीत. तुम्ही फक्त तुमचं काम केलंत, जसं वरळीच्या स्टुडिओत करायचात. तिलाही तेच हवं होतं, हे मला तीन वर्षं तिची सेवा करूनही सुचलं नाही. मी तिच्यासाठी औषधं आणली, व्यायामवाली बाई आणली, देवळांत गेले. दिवा हलवला नाही.

वही नंतर निघाली. बाकीच्यांना वाटेल वही हाच मोठा उपकार, आणि तो आहेच. शाळेच्या मुलांची असते तशी, पुठ्ठ्याची, दोनशे पानी. तारीख, निवेदिकेचं नाव, साडीचा रंग, आणि तो दिवा कसा लावला. हे तुम्हाला कुणी सांगितलं नव्हतं. तुम्ही नव्यानं लागलेले, गिरणी कामगाराचा मुलगा, दिव्यांचं शिक्षण हाताखाली राहूनच झालेलं. चूक दुसऱ्यांदा होऊ नये म्हणून लिहायचात. पांढरं कॅमेऱ्यात भडकतं. बारीक चौकडी पडद्यावर वळवळते. जर चमकते. आणि लाल काठाची हिरवी साडी डोळ्यांना कितीही उठून दिसली तरी पडद्यावर दोन्ही एकच राखाडी होतात, काठ हरवून जातो. म्हणून रंग लिहायचे आणि त्याप्रमाणे दिवे कमी-जास्त करायचे. साड्या या बायकांच्या स्वतःच्या, इस्त्री स्वतःची. आईकडे मोजून सात होत्या बऱ्या म्हणाव्या अशा. कुणाला त्याच त्या वाटू नयेत म्हणून ती त्या फिरवून फिरवून नेसायची, आणि तुम्ही प्रत्येक वेळी नव्यानं उजेड लावायचात. त्यामुळे त्या सात साड्या प्रेक्षकांना किती वाटल्या असतील कोण जाणे.

तुम्ही वाचायला लागलात. "डाळिंबी इरकल. बॅक लाइट कमी केला." "अंजिरी, काठ मोतिया. छान." "हळदी. पुढचा दिवा मागे घेतला." "अबोली वायल. बाईंना ताप. दिवे एकदम शेवटी लावले." यावर आई पहिल्यांदा मध्ये बोलली. तिला तो दिवस आठवला. दिव्यांची भट्टी आणि मशीनसाठी ठेवलेला एसीचा गारठा यांच्या मध्ये बसून अंगातला ताप चढत होता, आणि सगळे दिवे शेवटच्या मिनिटापर्यंत बंद का आहेत ते तिला कळलं नव्हतं. पन्नास वर्षांनी कळलं. ती तुमच्याकडे बघतच राहिली.

मग "मोरपंखी" आलं आणि आई म्हणाली, "मोरपंखी नव्हे. चिंतामणी." तुम्ही म्हणालात मोरपंखीच. ती म्हणाली, "साडी माझी होती." तुम्ही खिशातलं पेन काढून तिच्या देखत खोडलंत आणि चिंतामणी लिहिलंत. काका, त्या दोन शब्दांवर तुम्ही दोघं दहा मिनिटं भांडत होतात आणि मी स्वयंपाकघरात चहाचं आधण उतू घालवत उभी होते, कारण आईचा तो आवाज, वाक्याच्या शेवटी जरासा वर नेऊन सोडलेला, मी शेजाऱ्यांच्या खोलीत जमिनीवर बसून ऐकला होता. तो गेला असं आम्ही धरून चाललो होतो.

माझ्या डोक्यात राखाडी असलेली आई त्या दुपारी रंगून निघाली. एकेक पान उलटत गेलं तशी. गुलबक्षी, आमसुली, शेवाळी, कैरी. फोटो एकही नाही, आवाज एकही नाही, पण तिच्या अंगावर त्या दिवशी काय होतं आणि तिच्या चेहऱ्यावर उजेड कुठून पडत होता, हे एका माणसानं लिहून ठेवलं आणि घरं बदलली, पत्नी गेली, मुलं वेगळी झाली तरी जपलं. विचारलं, का जपलंत? तुम्ही म्हणालात, "फेकायचं कारण नव्हतं."

या एका वाक्यावर मी अकरा दिवस विचार करते आहे. चांगली माणसं मी पाहिली आहेत. पुराच्या रात्री आम्हाला दुसऱ्या मजल्यावर ओढून घेणारी माणसं होती, तीन दिवस त्यांनी आम्हाला जेवू घातलं, त्यांची भाषाही आम्हाला नीट कळत नव्हती. माणूस बुडत असताना हात देणारे आपल्या मुंबईत कमी नाहीत. पण बुडून गेलेल्या गोष्टीची नोंद ठेवणारे, ज्यातून कुणाचाच फायदा नाही अशी काळजी घेणारे फार थोडे. केबल उचलणारे, फिल्म जोडणारे, मेकअपच्या खोलीत पॅनकेकचा स्पंज स्वच्छ धुऊन ठेवणारे, रात्री उशिरा घरी सोडायला आलेल्या गाडीचे दिवे आई जिना चढेपर्यंत चालू ठेवणारे ड्रायव्हर. आई सांगते, तो दिव्याचा झोत जिन्यावर असायचा तोवर तिला काळोखाची भीती वाटली नाही. सत्कार करायचाच होता तर या सगळ्यांना एका रांगेत बसवायचं होतं.

स्मरणिकेच्या दुसऱ्या आवृत्तीसाठी आता मला निरोप आला आहे. वहीतल्या पानांच्या प्रती मिळतील का म्हणून. आईला विचारलं. ती नको म्हणाली. मीही नको म्हणते. ती पानं तुमची आहेत.

तुमचा रुमाल अजून दिव्यावरच आहे. मी धुऊन परत पाठवणार होते, आई काढू देत नाही. झाडू मारणाऱ्या बाईला तिनं बजावून ठेवलं आहे की स्टूल हलवायचं नाही, हललं तर तिथंच ठेवायचं, फरशीवर तिनं खडूनं खूण करून घेतली आहे. परवा नातू मोबाइल घेऊन आला तेव्हा तिनं पदर वर ओढला नाही. "दिवा लाव आधी," म्हणाली. तो फोटो छापून या पत्रासोबत तुम्हाला पाठवते आहे. रंगीत आहे.

तुमच्या वहीत एक नोंद राहिली आहे, काका. तुम्ही आलात त्या दिवशी तिनं कैरीच्या रंगाची साडी नेसली होती, काठ चॉकलेटी. जर नाही. दिवा उजवीकडून, वर रुमाल. तेवढं लिहून घ्याल का? आणि गुडघे बरे असतील तर एखाद्या रविवारी या. तिला अंजिरी साडीबद्दलही तुमच्याशी बोलायचं आहे, ती म्हणते काठ मोतिया नव्हता.

तुमची,
निवेदिकेची मुलगी